आम्हाला यात्रेकरू केलं मी

आमच्या घराची नोंद मी यात्रेकरूंत करवली. दुसऱ्या कोणी नाही, मीच.

निवडणुकीआधी म्युनिसिपालिटीचा कारकून संकठा घाटाच्या वरच्या आमच्या गल्लीत माणसांची नोंद करत फिरत होता. मला नुकतीच मास्तरकी लागली होती आणि अंगात नवा कोट होता. त्यानं विचारलं, "कहाँ के रहनेवाले?" मी छाती फुगवून म्हणालो, "हम वाई के. काशी में तो पुण्य के लिए ठहरे हैं." काशीतला प्रत्येक मराठी माणूस असंच सांगतो, मग तो गंगेच्या पाण्यावर चार पिढ्या वाढलेला का असेना. कारकुनानं मान डोलवली आणि आम्हाला यात्रेकरू करून टाकलं.

मतदारांची यादी लागली, तिच्यात आत्या नव्हती; यात्रेकरूला मत नसतं.

घर आत्याचं, तिच्या यजमानांच्या, म्हणजे फुफाजींच्या मागे घरपट्टी तीच भरायची. घरपट्टी भरणाऱ्या बाईलाही मत आहे, हे कळल्यापासून ती त्या दिवसाची वाट पाहत होती. पाण्याचा नळ गल्लीच्या तोंडाशी येऊन थांबला होता. तिथून घागर भरून आणता आणता तिचे गुडघे गेले होते. एक उमेदवार नळ आत आणतो म्हणत होता.

"मेल्या, वाईला जाऊन मत देऊ का आता?" एवढंच ती म्हणाली, आणि कचहरीत अर्ज करायला मला पुढे घातलं.

तारखेला आम्ही दोघं एक्क्यातून गेलो. मुन्सिफसाहेबांपुढे मी रात्रभर पाठ केलेलं भाषण सुरू केलं. दुसऱ्याच वाक्याला म्युनिसिपालिटीच्या वकिलानं अडवलं. "मास्टर साहब, वाई के हैं, यह आपने ही लिखवाया न? तो क्या झूठ लिखवाया था?"

झूठ! सरकारी नोंदीत खोटं म्हणजे तुरुंग, आणि तुरुंग म्हणजे नोकरी गेली. "नहीं नहीं, झूठ कैसा? हम वाई के ही हैं!"

"हुजूर, लिख लिया जाए," वकील खूश झाला.

मागून आत्याचा आवाज आला. "साहेब, इससे पूछिए, वाई देखी भी है?"

"बताइए, कैसे जाते हैं वहाँ?" मुन्सिफसाहेबांनी मला विचारलं.

आता माघार कशी घ्यायची? "रेल से, हुजूर. सीधे वाई स्टेशन पर उतरते हैं. बड़ा स्टेशन है."

आत्यानं कपाळावर हात मारला. "अरे, वाईला रेल्वेच नाही!" मग साहेबांकडे वळली. "हर साल वहाँ के जात्री हमारे यहाँ उतरते हैं. बैलगाडी में हड्डियाँ टूट गईं, यही रोना रोते हैं. इसने तो मुगलसराय के आगे कुछ नहीं देखा."

अख्खी कचहरी हसली. साहेबांनी हसू मिशीत लपवलं. "और आप, माताजी? आप जाती हैं?"

"हम? लग्न झालं तेव्हापासून काशीची हद्द ओलांडली नाही," ती हिंदी विसरून मराठीत शिरली, मग सावरली. "सगे भाई के घर ब्याह था, नहीं गए. बाहर प्राण छूट गए तो? मरने तक यहीं रहना है, साहेब. और जब तक जीते हैं, पानी तो लगेगा."

कोणी हसलं नाही. साहेबांनी वकिलाकडे पाहिलं. "वकील साहब, यह यात्री हैं?" वकील आपले कागद सारखे करू लागला. साहेबांनी तिथल्या तिथे नाव चढवण्याचा हुकूम दिला.

मतदानाच्या दिवशी आत्यानं ठेवणीतलं लुगडं नेसलं. मी तिला हात धरून केंद्रापर्यंत नेलं. दारात बायकांची छोटीशी रांग होती आणि आत्या तिच्यात सगळ्यांत ताठ उभी होती. तिची पाळी आली. टेबलामागच्या बाबूनं नाव शोधलं, सापडलं, आणि मग माझ्याकडे पाहून विचारलं, "आप इनके कौन? कहाँ के..."

मी तोंड उघडलंच होतं. आत्यानं मला कोपरानं मागे सारलं.

"भतीजा है हमारा. मास्टर है, पर इससे कुछ मत पूछिए."