तेराचा पाढा

सोमवार, सकाळची पाळी. वजनकाट्याच्या खोलीत आम्ही बारा जण. आठ शिकाऊ, दोन हेल्पर, साहेब आणि मी. चूक दोनशे सत्तर ग्रॅमची. ४.५२० किलोऐवजी मी ४.२५० तोललं होतं. महिन्यातली तिसरी. चूक माझीच होती.

"तेराचा पाढा म्हणा," साहेब म्हणाले.

तारापूरच्या या कारखान्यात एकोणीस वर्षं मी पावडर तोलतो. वय एकोणपन्नास. उभ्याने पाढा म्हटला. अठ्ठ्याहत्तरपर्यंत आलो. पुढे काहीच नाही. जीभ जड. डोक्यात ओला कापूस भरल्यासारखं.

"चाचा, कैलकुलेटर दूँ?" एक शिकाऊ म्हणाला. सगळे हसले.

साहेब हसले नाहीत. "डोंगरातली माणसं. यांना आकडे शिकवणं म्हणजे वेळ फुकट."

मी जव्हारकडचा. आठवीत गणितात वर्गात पहिला होतो. तेव्हा ते आठवलं नाही. मलाही वाटलं, असेल तसं.

घरी बायको म्हणाली, "मीठ दोनदा आणलंत. जेवता जेवता डुलक्या घेता. ह्ये डोक्याचं नाय, अंगाचं हाय. दवाखान्यात चला तुमी."

रक्त दिलं. डॉक्टरीणबाईंनी रिपोर्ट पाहिला. "थायरॉइड फार मंद झालंय. विसरणं, थकवा यातूनच. रोज सकाळी गोळी घ्या. फरक पडायला महिने लागतील."

रिपोर्ट घेऊन साहेबांकडे गेलो. म्हटलं, "बरा होईपर्यंत मला काट्यावरून काढा. मीच सांगतोय."

त्यांनी रिपोर्ट उघडला नाही. टाइप केलेला कागद पुढे सरकवला. 'मला आकडे समजत नाहीत. मी शिकू शकत नाही. कायम हेल्परचं काम मान्य आहे.'

"सही करा."

आमच्याकडे वजनाच्या नोंदीत चूक झाली तर गिरगटत नाहीत. एकच रेघ मारायची, खालचं वाचता आलं पाहिजे. बाजूला बरोबर काय ते लिहायचं. सही, तारीख, वेळ. हे मला याच साहेबांनी शिकवलं.

तिन्ही वाक्यांवर एकेक रेघ मारली. बाजूला लिहिलं, 'मी आजारी आहे. उपचार चालू आहेत. आकडे समजतात.' सही. तारीख. अकरा चाळीस.

"हे काय केलंत?"

"दुरुस्ती, साहेब."

सध्या गोदामात पोती मोजतो. गोळी चालू आहे. अजून दुपारी पाय उचलत नाहीत. बरा झालो की काट्यावरची जागा मागणार, लेखी. नाही दिली तर पुन्हा लेखी. पाढा मात्र म्हणणार नाही. कोणासमोरच नाही.