दुपारी बारा ते चार

आमच्या धंद्यात रिपोर्ट लिहिणारे जास्त आणि वाचणारे कमी. किस्से मात्र सगळ्यांनाच हवे असतात! रिपोर्ट कपाटात जाऊन बसतो, किस्सा टपरीवर फिरत राहतो. मी पर्यावरणाचा अर्थतज्ज्ञ. नागपूरच्या रामदासपेठेतल्या आमच्या छोट्याशा ऑफिसचा काही वर्षांपासून एकच हट्ट आहे: शहराच्या उष्णता आराखड्यात एक ओळ घाला. 'मे महिन्यात दुपारी बारा ते चार उघड्यावरची कामं बंद.' एवढीच ओळ, पण ती काही केल्या आत शिरेना. बाहेर किस्से मात्र साचत गेले.

*

माझी नोकरी समजावून सांगणं आईला जमत नाही. ती आमच्या सक्करदरा वस्तीत सगळ्यांना सांगते, "पोरगा हवामानात आहे." झालं! शेजारच्या मंदाकाकू सकाळीच गेटवर हजर.

"का गा, उद्या पापड टाकू का?"

"काकू, मी हवामान खात्यात नाई. उनानं लोकायचं किती नुकसान होते, ते मोजतो."

"मंग मोज ना बाप्पा! वाळतीन का नाई, तेवढं सांग."

मी आभाळाकडे पाहून "टाका" म्हणालो. पापड कडक वाळले. तेव्हापासून गल्लीत माझ्या डिग्रीला मान आहे.

*

शहरातल्या तलावामुळे आसपास गारवा राहतो. त्या गारव्याची किंमत आम्हाला काढायची होती. आमच्या विद्येत ती लोकांनाच विचारतात. सर्व्हेचं काम आमच्या रजनी गजभियेकडे. तिने एका रिटायर्ड काकांना विचारलं, "तलाव टिकवाले तुम्ही महिन्याले किती द्याल?"

काका खुर्चीतून उठलेच. "म्हणजे तलाव विकून राहिले का तुम्ही?"

संध्याकाळी 'तलाव बचाव समिती' आमच्या ऑफिसवर मोर्चा घेऊन आली. अध्यक्ष तेच काका! रजनीने खिडकीतून खाली पाहिलं आणि म्हणाली, "सर, तलावाची किंमत निघाली. आता खाली तुम्ही जा."

*

आमचे डायरेक्टर तत्त्वाचे पक्के. विजेची बचत म्हणून ऑफिसचा एसी सत्तावीसच्या खाली आणू देत नाहीत. त्यामुळे मे महिन्यात आम्ही एकेक जण शेजारच्या गारेगार एटीएममध्ये जाऊन विचार करतो. गार्ड आता दार उघडतानाच विचारतो, "सर, पैसे काढाचे आहे का रिपोर्ट लिहाचा आहे?"

*

दिल्लीच्या एका ऑनलाइन सेमिनारमध्ये मी घरून बोलत होतो. मागे आमचा लोखंडी कूलर घोंगावत होता. अध्यक्ष मॅडमनी विचारलं, "आप एअरपोर्टपे हैं क्या?" मी लाजून कूलर बंद केला. थोड्याच वेळात कपाळावरचा घाम डोळ्यांत उतरला. मी चष्मा काढून डोळे पुसू लागलो.

मॅडम गहिवरल्या. "देखिए, इसे कहते हैं विषय से लगाव!"

*

रजनीचे बाबा गवंडी. मागच्या मे महिन्यात भर दुपारी स्लॅबवर चक्कर येऊन पडले. धंतोलीतल्या हॉस्पिटलमध्ये आम्ही सगळे धावलो. बाबांनी डोळे उघडले, सलाइनच्या बाटलीकडे पाहिलं आणि पहिला प्रश्न केला, "स्लॅबवर पाणी मारलं का कोनी?"

नर्ससकट सगळे हसले. रजनी हसली नाही. मलाही हसू आलं नाही. बाबा चार दिवसांनी बरे झाले आणि परत कामावर गेले, त्याच दुपारच्या वेळेला. त्या दिवसापासून ती ओळ आमच्यासाठी रिपोर्टमधली ओळ राहिली नाही.

*

शेवटी आराखड्याची अंतिम बैठक ठरली. एका सरकारी कचेरीत, मे महिन्यात, दुपारी. एसी नेमका त्याच दिवशी बिघडलेला. सही करणारे साहेब अस्सल नागपूरकर. रजनीने मांडणी केली. बाबांचं नाव न घेता बाबांचीच गोष्ट सांगितली.

साहेब मान हलवत म्हणाले, "हे बारा ते चार काही जमत नाई बा. आपल्याले उनाची आदत आहे. नागपूरच्या मानसाले ऊन लागत नाई!"

मग त्यांनी शेवटचं पान उलटलं. लोक उन्हापासून बचावासाठी काय काय करतात, ते आम्ही तिथे लिहिलं होतं: डोक्याला दुपट्टा, ताक, उन्हाळी वाऱ्याची लू लागू नये म्हणून खिशात कांदा. साहेब भडकले.

"खिशात कांदा? शिकलेसवरले लोक ना तुम्ही? सरकारी कागदात असली अंधश्रद्धा? काटून टाका हे!"

रजनीने मुकाट्याने पेन उचललं. आमची ओळ गेली, पानही गेलं, असं मी धरूनच चाललो.

साहेबांच्या कानशिलावरून घाम वाहत होता. त्यांनी पँटच्या खिशातून रुमाल ओढला. त्याच्यासोबत एक लालबुंद कांदा बाहेर आला, टेबलावर पडला, गडगडत गडगडत गेला आणि रजनीच्या पुढ्यात थांबला.

सगळ्यांच्या नजरा कांद्यावर खिळल्या.

रजनीने कांदा उचलला आणि दोन्ही हातांनी अदबीने साहेबांपुढे धरला. साहेबांनी तो घेतला, रुमालाने पुसला, परत खिशात ठेवला. घसा खाकरला.

"बारा ते चार काम बंद. लिहा," ते म्हणाले. "आन् कांद्याचं काही लिहू नका!"