जांभळ्या आयाळीची बिजली

परवा गल्लीतल्या वरातीत मी एकटीच कडेला उभी होते. "हात लावा ताई, लई गरीब हाय," घोडीवाला म्हणाला. घोडीच्या मानेवर हात फिरवला, तर गवताचा आणि घामाचा उबदार वास आला.

शाळेत असताना औरंगपुऱ्यातल्या सायबर कॅफेत बसून मी घोडेवेड्या मुलींच्या ग्रुपवर जायचे. घोडा कुणाकडंच नव्हता. स्वतःच्या फोटोच्या जागी चमचमणारे घोडे लावायचे, त्यांच्याच नावानं हाका मारायच्या, खरं नाव विचारायचं नाही, असा आमचा नियम. जांभळ्या आयाळीची 'बिजली' माझी सगळ्यात जवळची. तिनं एकदा विचारलं, "घोड्याच्या अंगाला कसला वास येतो गं?"

"कळला की आधी तुलाच सांगीन," मी लिहिलं होतं.

आता कळलाय. पण तो ग्रुप केव्हाच बंद पडला. आणि शोधू तरी कुणाला? बिजलीला?