रूममेटचा रिपोर्ट

कोपराचं दुसरं ऑपरेशन झाल्यावर डॉक्टर म्हणाले, “या हातानं जेवता येईल, गाडी चालवता येईल. पिचिंग विसर.” २००५चा जून होता. चार वर्षं मी पेनसिल्वेनियातल्या एका लहान गावाच्या टीमकडून बेसबॉल फेकत होतो. पगारी पिचर, पण खालच्या लीगमधला.

मॅनेजरनं बोलावलं तेव्हा वाटलं, आता घरी पाठवतात. तर तो म्हणाला, “तुझ्याकडे डिग्री आहे ना? पिचिंग कोच हो. ऑफिसला रोज रिपोर्ट लागतो, आणि इथं कुणाला चार ओळी धड लिहिता येत नाहीत.”

मिशिगनमधल्या नोव्हायला, घरी फोन केला. बाबा तिथं गाड्यांचे पार्ट बनवणाऱ्या कारखान्यात मशीनवर. शिक्षण सातवी.

“कोच म्हणजे मास्तरच की रे! आपल्या घरातला पहिला मास्तर!”

मागून आई म्हणाली, “हात दुखतो का, ते विचारा आधी.”

नाही दुखत, म्हटलं. कॉलेजात गेलेला आमच्याकडचा पहिला मीच, आणि त्याचा मला अभिमान आहे, उगाच कशाला लपवू? पण मला मास्तर व्हायचं नव्हतं. मला फेकायचं होतं.

दुसऱ्या दिवशी क्लबहाउसमध्ये शिरलो, तर रंगात आलेला जोक मध्येच थांबला. कालपर्यंत ‘प्रोफेसर’ म्हणून टॉवेलचा फटका मारणारी पोरं “मॉर्निंग, कोच” म्हणाली. माझा लॉकर दुसऱ्याला दिला होता.

फटका मारला तो फक्त माझ्या रूममेटनं. तोही पिचर, टेक्ससचा. दोन सीझन आम्ही एका अपार्टमेंटमध्ये राहत होतो. माझ्या पोह्यांवर केचप ओतून खायचा आणि वर मलाच म्हणायचा, “आईकडून नीट शिकून ये.”

ऑगस्टमध्ये ऑफिसनं कळवलं, एक पिचर कमी करायचाय. प्रत्येकाबद्दल लिहा: वरच्या लीगमध्ये जाईल का? हो की नाही?

रूममेटचा वेग उतरला होता. दमला की कोपर खाली यायचं. माझं यायचं तसंच. हे फक्त मला दिसत होतं.

सकाळी पोहे खाताना तो म्हणाला, “प्रोफेसर, माझ्याबद्दल छान लिही हं. तुझ्याकडे शब्द आहेत यार.”

मी लिहिलं: मेहनती आहे, नव्या पोरांना सांभाळून घेतो. सगळं खरं होतं. पण ते कुणी विचारलंच नव्हतं. त्याला वाचवलं तर हातात दम असलेला दुसरा कुणी जाणार होता. तासभर त्या कागदासमोर बसलो. मग ‘नाही’ लिहिलं.

तीन दिवसांनी तो लॉकर रिकामा करत होता. अशा वेळी आमच्यात कुणी बघत नाही. सगळे बुटांच्या नाड्या बांधत बसतात. माझ्या नाड्या कधीच बांधून झाल्या होत्या. मी त्याच्याजवळ गेलो.

“तूच लिहिलंस?”

“हो. ‘नाही’ असं लिहिलं.”

“एवढं शिकून एकच शब्द?” तो हसला. बॅग उचलली. टॉवेल त्याच्या खांद्यावरच होता. “चल, येतो, कोच.”

त्यानं मला कोच म्हटलं ते तेव्हा पहिल्यांदा.

रविवारी बाबांनी फोनवर विचारलं, “काय मास्तर, पोरं मान देतात ना?”

“देतात,” म्हटलं. “आता सगळेच देतात.”