बावीस दिवसांचा लांडगा

"हे स्क्रिप्ट आहे, माणूस नाही. अपील रिजेक्ट कर आणि पुढचं तिकीट घे," अर्पिता मॅडम म्हणाल्या.

मंगळवार होता, सकाळचे साडेदहा वाजले होते. मॅडम, माझ्या वरिष्ठ, बेंगळुरूच्या ऑफिसात, आणि मी रोह्याच्या पुलापलीकडे, अष्टमी गावात, घरातल्या टेबलाशी. आमचं बोलणं हिंदी आणि इंग्रजीत चालतं. इथे मराठीत लिहिते आहे.

मी एका ऑनलाइन गेमच्या कंपनीत प्लेअर सपोर्टला आहे. नऊ वर्षं झाली. लोकांना वाटतं मी दिवसभर गेम खेळते. मी दिवसभर तक्रारी वाचते. एक तक्रार म्हणजे एक तिकीट. पासवर्ड विसरला, तलवार गायब झाली, समोरच्याने आईवरून शिवी दिली. मराठीतली तिकिटं माझ्याकडे येतात, कारण टीममध्ये मराठी वाचणारी मी एकटी. त्या दिवशी एकशे बारा तिकिटं पडून होती. त्यातलं हे एक, बोलून टाइप केलेलं:

"मी बावीस दिवस वाट बघून भुऱ्याला धरला. काल दुपारी चार वाजता तुम्ही खातं बंद केलं. भुऱ्या कुठे ठेवला आहे. त्याला खायला कोण घालतं."

भुऱ्या म्हणजे मिस्ट वुल्फ, धुक्यातला लांडगा. आमच्या गेममध्ये जनावरं माणसाळवून पाळता येतात. शेळ्या, कुत्रे, घुबडं कुणीही पाळतो. काही जनावरं मात्र दुर्मिळ ठेवलेली आहेत. हा लांडगा एकाच खिंडीत दिसतो, कधी दिसेल ते कुणालाच माहीत नसतं, आणि दिसला तरी हाताला लागतोच असं नाही. हत्यार खाली ठेवून बसायचं. तो एकेक पाऊल जवळ येतो. थंडीत त्याच्या तोंडातून वाफ निघते. त्याने श्वास सोडला की बटण दाबायचं. असं सत्तर वेळा. एकदा जरी आधी दाबलं तरी तो निघून जातो, मग पुन्हा वाट बघा.

इथे लोक फसवाफसवी करतात. छोटा प्रोग्रॅम लावून ठेवतात, तो त्यांच्या वतीने वाट बघतो आणि बटण दाबतो. त्याला आम्ही स्क्रिप्ट म्हणतो. ते पकडायला कंपनीची एक यंत्रणा आहे. तिला संशय आला की खातं आपोआप बंद होतं. अपिलाला बहात्तर तास. त्यात निकाल लागला नाही तर दुर्मिळ जनावर काढून घेतलं जातं आणि परत रानात सोडलं जातं, म्हणजे ते दुसऱ्या कुणालाही सापडू शकतं. नंतर खातं परत मिळालं तरी जनावर मिळत नाही.

या खात्याविरुद्धचा पुरावा चांगला होता. माणसाचं बटण कधी लवकर पडतं, कधी उशिरा. इथे श्वास सुटणं आणि बटण पडणं यातलं अंतर सत्तरही वेळा जवळजवळ एकच होतं. शिवाय बावीस दिवस पात्र त्याच खिंडीत, त्याच दगडापाशी बसलेलं.

मॅडमचं ऐकलं असतं तर मिनिटभरात तिकीट बंद झालं असतं. मी लॉग उघडला, म्हणजे खातं कधी चालू होतं आणि कधी बंद, त्याची नोंद. पहिला आठवडा रात्री नऊ ते सकाळी सात. दुसरा आठवडा पहाटे पाच ते दुपारी तीन. तिसरा दुपारी एक ते रात्री अकरा, आणि आता पुन्हा रात्रीचं. आणि दर आठवड्याला एक दिवस काहीच नाही.

माझे वडील इथल्या एमआयडीसीत ऑपरेटर होते. कुठल्या आठवड्यात घरात कुजबुजत बोलायचं, हे मला शाळेच्या वेळापत्रकाआधी पाठ होतं. लॉग बघून मला काही जोडावं लागलं नाही. फर्स्ट, सेकंड, नाइट, आणि अलीकडे-पलीकडे कंपनीच्या बसचा एकेक तास.

"मॅडम, स्क्रिप्टला वीकली ऑफ नसतो," मी म्हटलं.

"म्हणजे?"

"हा शिफ्टमधला माणूस आहे. मी फोन करते."

"कर. पण तुझे आकडे खाली चाललेत, एवढं लक्षात ठेव."

खातं दिलीप नावाच्या माणसाचं होतं, वय सत्तावन्न, गाव पेण. नाइट करून घरी आले होते, लगेच फोन उचलला.

"काका, मी गेमच्या सपोर्टमधून बोलतेय. तुम्ही कंपनीत शिफ्टला आहात ना?"

"व्हय. रोह्याला. तुम्हाला कुणी सांगितलं?"

"तुम्ही ड्यूटीवर गेम खेळता का?"

"नाय हो मॅडम! मोबाइल गेटवरच जमा करतात. असं काय कंपनीला कळवू नका हां. थोडी वर्षं राहिलीत माझी."

"मग तुम्ही ड्यूटीवर असताना तुमच्या खात्यावर कोण असतं?"

"खातं माझंच हाय," ते म्हणाले. मी वाट बघितली. आमच्या नियमात एक खातं एकाच माणसाने वापरायचं असतं, आणि ते त्यांनी वाचलेलं दिसत होतं. मग आतून बाईचा आवाज आला.

"अवो, सांगा ना खरं. चोरी केलीय काय आपण?"

त्यांनी फोन बायकोला दिला. रंजनाकाकू. पेणच्या गणपतीच्या कारखान्यात त्या आखणी करायच्या. आखणी म्हणजे मूर्तीचे डोळे काढणं, शेवटचं आणि सगळ्यात नाजूक काम. सव्वीस वर्षं वाकून बसल्या. यंदा मणक्याचं ऑपरेशन झालं आणि डॉक्टरांनी तीन महिने सपाट झोपायला सांगितलं. नवऱ्याने पलंगाला लोखंडी स्टँड ठोकून त्यावर टॅब बसवून दिला.

"ह्ये घरी असले का बोलतात, चहा करतात. ड्यूटीला गेले का मी नि पंखा," काकू म्हणाल्या. "शेजारीण डबा देऊन जाते. ती तरी किती बसणार?"

"म्हणून काका बाहेर गेले की खेळायचात?"

"खेळायची कसली गो, बसायची. तिथं डोंगर हाय, धुकं हाय. एक दिवस तो आला."

"आणि बटण इतकं एकसारखं कसं पडलं?"

"डोळा आखताना श्वास सोडायचा, मग हात चालवायचा. श्वास आत असला का रेघ हलते. हा पण श्वास सोडतो तेव्हाच दाबायचं ना? मला काय वेगळं शिकायला लागलं नाय."

मी ते जसंच्या तसं लिहून मॅडमना पाठवलं. त्यांचं उत्तर आलं, गोष्ट छान आहे, पुरावा नाही.

बरोबर होतं त्यांचं. असल्या गोष्टी मी रोज वाचते. हॉस्पिटल, परीक्षा, वारलेले आजोबा. निम्म्या खोट्या असतात. मी लाइव्ह टेस्ट मागितली. त्यात खेळाडू आमच्यासमोर व्हिडिओवर खेळतो आणि आम्ही बोट आणि स्क्रीन दोन्ही बघतो. बुधवारी मॅडम दिवसभर मीटिंगमध्ये होत्या. गुरुवारी सकाळी अकराची वेळ मिळाली. मुदत त्याच दिवशी दुपारी चारला संपत होती.

दिलीपकाकांनी फोन धरला होता. पलंग दिसला, स्टँड दिसला, उशीवर आडवा चेहरा आणि वर उचललेला हात. काकूंनी केस विंचरून टिकली लावली होती. टेस्टसाठी आम्ही साधी रानशेळी दिली, वीस श्वासांची.

तिसऱ्याच श्वासाला त्यांनी आधी बटण दाबलं. शेळी पळाली.

"इतके लोक बघतात म्हटल्यावर काय व्हणार?" काकू चिडून म्हणाल्या.

दुसरी शेळी दिली. नवव्या श्वासाला चुकली. काकांच्या हातातला फोन कलला, आम्हाला क्षणभर नुसतं छत दिसलं. मी काकूंना म्हटलं, "आमच्याकडे लक्षच देऊ नका. गणपती समोर आहे असं समजा."

"गणपती असता तर तुम्हाला खोलीत थांबू तरी दिलं असतं काय?" त्या म्हणाल्या आणि काकांना फोन टॅबकडे वळवून खुर्चीवर ठेवून बाहेर जायला सांगितलं.

तिसऱ्या शेळीला वीसच्या वीस. शेळी येऊन बसली. मी आकडे काढले. अंतर तेच, लांडग्याच्या वेळचं.

"दोनदा चुकली पण," मॅडम म्हणाल्या.

"स्क्रिप्ट चुकत नाही, मॅडम."

मॅडमनी आकडे पुन्हा बघितले. "ठीक आहे. स्क्रिप्ट नाही. पण खातं नवऱ्याचं आणि जनावर बायकोने धरलं. हा शेअरिंगचा नियम मोडला. खातं तिच्या नावावर करून घे, मग परत देऊ."

नाव बदलायचं काम ओळखपत्र तपासणाऱ्या टीमचं. काकूंचं आधार कार्ड, काकांचं संमतीपत्र, सगळं एक वाजेपर्यंत माझ्याकडे आलं आणि पाच मिनिटांत पुढे गेलं. त्या टीमचा माणूस दोनला जेवायला गेला होता. तीनला तो दुसऱ्या कामात होता. साडेतीनला मी मॅडमना फोन केला, मॅडमनी त्याच्या वरच्याला केला. मंजुरी आली तेव्हा पाच वाजून दहा मिनिटं झाली होती.

चार वाजता लांडगा रानात सुटला होता. ते काम कुणी माणूस करत नाही. घड्याळ करतं.

आता माझ्या वाटणीचं सांगते. होल्ड नावाचा एक फॉर्म आहे. तो भरला की अपिलाची मुदत थांबते, निकाल लागेपर्यंत. अकरा रकाने आहेत आणि कारण सविस्तर लिहावं लागतं. मंगळवारी मी तो उघडला होता. मग ती एकशे बारा तिकिटं दिसली, वाटलं आपण वेळेत उरकू, आणि मी तो बंद केला.

साडेपाचला फोन केला. काकांनी स्पीकरवर ठेवला.

"काकू, खातं परत मिळालं. तुमच्या नावावर झालं. पण भुऱ्या गेला."

"मारला काय त्याला?"

"नाही. रानात सोडला. आता कुणालाही सापडू शकतो."

"माझ्याकडं येईल परत?"

"आला तरी ओळखणार नाही. सगळं पहिल्यापासून करावं लागेल."

मग त्या म्हणाल्या, "ते बावीस दिवस मी पंख्याकडं बघितलं नाय. बरं गेले."

दिलीपकाका म्हणाले, "मॅडम, तुम्ही केलंत तेवढं केलंत."

तिथे फोन ठेवता आला असता. ठेवला नाही. म्हटलं, "काकू, चूक माझी आहे. मुदत थांबवायचा एक फॉर्म होता. मी भरला नाही."

"का नाय भरलास?"

"दमले होते."

"दमतं गो माणूस," त्या म्हणाल्या. आणि मग, "पण भरायला पायजे होतास."

"हो."

तो लांडगा रविवारी दुसऱ्या कुणीतरी धरला. मला लॉगमध्ये दिसलं. सोमवारी काकूंचं तिकीट आलं, भुऱ्या कुणाला दिसला काय, असं विचारणारं. दुसऱ्या खेळाडूची माहिती द्यायला आम्हाला बंदी आहे. मी तेच लिहिलं. त्यांना काय ते कळलं असावं, कारण पुन्हा विचारलं नाही.

पुढे दीड महिना त्या खात्यावर रानशेळ्या धरल्या जात होत्या. काका ड्यूटीवर असताना, वीकली ऑफ सोडून. खिंडीकडे त्या एकदाही गेल्या नाहीत. मग खातं बंदच राहू लागलं. मी एकदा काकांना फोन केला, कंपनीच्या नव्हे, माझ्या मोबाइलवरून. काकू वॉकर धरून चालत होत्या, आणि कारखान्याच्या मालकाने उंच टेबल करून द्यायचं कबूल केलं होतं, उभ्याने आखणी करता यावी म्हणून.

महिन्याच्या रिव्ह्यूमध्ये मॅडमनी माझे आकडे दाखवले. त्या आठवड्यात तिकिटं कमी बंद झाली होती. कारणाच्या रकान्यात मी "एक अपील लांबलं" असं लिहिलं.

होल्डचा फॉर्म भरायला चार मिनिटं लागतात. मी घड्याळ लावून बघितलं आहे. आता अपील आलं की लॉग उघडण्याआधी तो भरते. दहातल्या नऊ वेळा समोर खरोखरच स्क्रिप्ट निघते आणि चार मिनिटं वाया जातात. मॅडम त्यावरून बोलतात. मी ऐकून घेते आणि पुढचा फॉर्म भरते.