आईच्या नावाचा रकाना

"बाई, लवकर या की. कमलक्का उठंना." घरमालकीण पद्माक्काचा फोन आला तेव्हा मी सकाळचा चहा गाळत होते. दोन गल्ल्या ओलांडून पोचले, तोवर करण्यासारखं काही उरलं नव्हतं. कमल तिच्या पत्र्याच्या खोलीत भिंतीकडे तोंड करून पडली होती. झोपेतच गेली, असं डॉक्टर म्हणाले. त्याला आता दीड महिना झाला. दुःख जरा निवलं की लिहावं, असं ठरवलं होतं. पण माझ्यात दुःखापेक्षा संतापच जास्त आहे आणि तो निवायची काही लक्षणं नाहीत. म्हणून तशीच लिहायला बसले आहे.

आमची ओळख शाळेतली. मी पहिलीचा वर्ग घ्यायचे आणि प्रवेशाच्या दिवसांत रजिस्टरही लिहायचे. माढ्याकडची ही तरुण बाई सहा वर्षांच्या संतोषचा हात धरून समोर उभी राहिली. नवरा चिंचोळीला कारखान्यात कामाला. आईच्या नावाच्या रकान्यापाशी आले आणि विचारलं, तर म्हणाली, "सुमन लिवा." मी लिहिलं. मग अर्जावर सही करताना तिने सावकाश एकेक अक्षर जोडत 'कमल' लिहिलं, तेव्हा मी चमकून वर पाहिलं. "सुमन त्याची आई, बाई. त्यो दोन वर्साचा असताना वारली. मी मागनं आले. तिनं त्याला पोटात वागवलं, तिचं नाव कुटं तरी राहू दे की." मी म्हटलं, अहो, सांभाळता तर तुम्ही. त्यावर तिने पदराआडून गळ्यातला, बाईची आकृती उठवलेला चांदीचा इवलासा टाक काढून दाखवला. पहिली वारली असेल, तर दुसरीने तिच्या नावाचा टाक गळ्यात घालायचा, अशी त्यांच्यात रीत. पुष्कळ जणी तो सवतीच्या भीतीने घालतात. कमलने मात्र मैत्रिणीचा फोटो दाखवावा तसा दाखवला.

तिला स्वतःचं मूल झालं नाही. झालं नाही की होऊ दिलं नाही, हे मी कधी विचारलं नाही. घरी बसून शाळेच्या गणवेशांना काज-बटण करत तिने संतोषला डिप्लोमापर्यंत नेलं. पितृपंधरवड्यात अविधवा नवमीला सुमनच्या नावाने सवाष्ण म्हणून जेवायला दरवर्षी मीच. पुरणपोळी, कटाची आमटी, आणि वर माझी थट्टा. "सावकाश जेवा बाई, तिला घाई आवडत न्हाय." जणू सुमनशी तिचं रोजचं बोलणं होतं! पुढे नवरा गेला. आता नवमी करायची नसते, असं शेजारणींनी सांगून पाहिलं. हिने ऐकलं नाही. मंगळसूत्रातला टाक काळ्या दोऱ्यात ओवला आणि पुरण शिजवलं.

वडिलांनंतर खोली संतोषच्या नावावर झाली. त्याने ती विकली. पुण्यात घर घेतो आणि वर्षभरात तुला घेऊन जातो, असं सांगून तिला पद्माक्काच्या पत्र्याच्या खोलीत भाड्याने ठेवून गेला. वर्ष गेलं, लग्न झालं, मग फोन उचलणंही थांबलं. काचबिंदूने कमलला सुईचं नेढं दिसेना, काम सुटलं. औषधाचे थेंब ती दिवसाआड घालते हे कळलं, तेव्हा मी तिच्या मागे लागले. मुलांनी आईबापांना सांभाळायचा कायदा आहे, त्यात सावत्र आईसुद्धा आईच धरली आहे, अर्ज कर. "पोराच्या नावानं अर्ज? लोक काय म्हनतील?" मी तिला महिनाभर छळलं, तेव्हा कुठे तिने सही केली. तीच, एकेक अक्षर जोडून.

नोटीस गेल्यावर दहा-बारा दिवसांनी संतोष माझ्या दारात. हातात पेढ्यांचा पुडा. वाकून पायाला हात लावून नमस्कार केला. "बाई, पासपोर्टला शाळेच्या रजिस्टरचा उतारा लागतोय. तुम्ही शब्द टाकलात तर लगेच मिळेल." मी निवृत्त झालेली, तरी उन्हात त्याच्याबरोबर शाळेत गेले, क्लार्कच्या टेबलाशी उभी राहून त्याच दिवशी उतारा काढून दिला. आईचं काय, असं विचारलं तर म्हणाला, "काढतो ना बाई मार्ग." मला बरं वाटलं. वाटलं, आपला विद्यार्थी आहे, शेवटी वळणावर आला…

प्रांत कार्यालयात सुनावणी होती. कमलच्या शेजारी मी बसले होते. संतोषने एक कागद पुढे सरकवला. "मॅडम, ह्या बाई माझ्या वडिलांच्या पत्नी. माझी आई सुमन. शाळेचं रेकॉर्ड बघा." तोच उतारा होता. मी लिहिलेला, मीच काढून दिलेला. प्रांताधिकारी मॅडमनी कागद वाचून बाजूला ठेवला. सावत्र आईही कायद्याने आईच, हा उतारा आणून काही उपयोग नाही, असं त्याला सरळ सुनावलं. मग कमलकडे वळून विचारलं, हे नाव असं कसं? कमल उठून उभी राहिली. "मीच लिवाया सांगितलं, मॅडम. त्यो खोटं बोलत न्हाय." त्याही वेळी ती त्याचीच बाजू सांभाळत होती!

निकाल तिच्या बाजूने लागला. दोन महिने पैसे आले, मग बंद. मी म्हटलं, पुन्हा जाऊ, वसूल करून घेऊ. ती नाहीच म्हणाली. "एकदा त्याच्या तोंडनं ऐकलं, बाई. पुन्यांदा ऐकायचं बळ न्हाय." जायच्या आठवडाभर आधी तिने गळ्यातला टाक काढून माझ्या हातात ठेवला. "मला काय झालं तर संतोषला द्या. त्याच्या आईचा हाय." मी तिच्यावर खेकसले. ते शेवटचं भेटणं ठरेल, हे काय ठाऊक!

स्मशानात संतोष आला. सगळं रीतसर केलं. अग्नी देताना "आई गं" म्हणून असा मोठ्याने रडला की जमलेल्यांचे डोळे भरले. माझे कोरडे राहिले. मी त्याचा तो दुसरा आवाज ऐकला होता. तेराव्याला मला बाजूला घेऊन म्हणाला, "बाई, आईचा टाक तुमच्याकडे आहे ना?" आयुष्यभर पोरांना खोटं बोलू नका म्हणून शिकवलं, आणि मी त्याला सांगितलं, नाही.

टाक माझ्या चष्म्याच्या घरात आहे. कमलच्या गळ्याला घासून घासून त्यावरची बाई सपाट झाली आहे, नाकडोळे काही ओळखू येत नाहीत. कमलला दिलेला शब्द मी फार दिवस मोडणार नाही. हे छापून आलं की कोणीतरी फोटो काढून संतोषला पाठवेलच. मग त्याने यावं आणि टाक घेऊन जावा. फक्त वाकून माझ्या पायाला हात लावू नये.