वन्संच्या अंगावरून गेलेलं वारं

नातवंडांनो, परवा फोनवर तुम्ही एकदम विचारलंत, "आजी, आत्याआजीचा पॅरालिसिस पूर्ण बरा होतो का गं?" आणि मी उत्तराची जुळवाजुळव करेपर्यंत तुमची शाळेची बस आली. ते एका शब्दात सांगण्यासारखं नव्हतंच. शिवाय सुट्टीत इथे आल्यावर तिला पाहून तुम्ही दचकू नये, म्हणून आत्ताच लिहिते.

तुमच्या आजोबांची ही धाकटी बहीण, म्हणजे माझ्या वन्सं, ही अख्ख्या पुण्यातली सर्वांत अस्वस्थ बाई. तिला बसलेलं मी फक्त माझ्या लग्नाच्या ग्रुप फोटोत पाहिलं आहे, आणि त्यातही ती हलली आहे. कर्वेनगरहून चालत यायची, "बसत नाही हं वहिनी, उभ्या उभ्या आलेय" म्हणायची आणि हातात कप घेऊन तासभर उभी राहायची. रिक्षा सिग्नलला थांबली की पैसे देऊन उतरायची. "तुमचं चालू द्या सावकाश," असं रिक्षावाल्याला सांगून पुढे. नाटकाला गेली तर दुसऱ्या अंकात उठून कॅन्टीनवाल्याला वडे कसे तळावेत ते शिकवून यायची.

अशा बाईच्या अंगावरून एका सकाळी वारं गेलं. पॅरालिसिस झाला की आपल्याकडे असंच म्हणतात. हातातली बशी सुटली, तोंड वाकडं झालं, डावी बाजू लुळी पडली. अशा वेळी पहिले काही तास मोलाचे असतात. लगेच हॉस्पिटल गाठलं, तर मेंदूतली गुठळी विरघळवायचं औषध देता येतं. हिला वाटलं, चालून आलं की उतरेल. ती जिन्यात पडलेली सापडेपर्यंत ती वेळ निघून गेली होती. भेटायला येणारा प्रत्येक जण "वारं गेलं म्हणे" म्हणायचा. शेवटी ती वैतागली. "गेलं कसलं? गेलं असतं तर मी उठले नसते? आलंय, आणि मुक्कामाला राहिलंय!"

डॉक्टरांना तिने सरळ विचारलं, "हात-पाय परत येतील का? हो की नाही?" ते म्हणाले, मेंदूचा मेलेला भाग परत येत नाही, पण शेजारचा भाग त्याचं काम शिकू शकतो, किती, ते बघू. "बघू," ती मला म्हणाली, "हे मी पोरांनी फटाके मागितल्यावर सांगायचे." मग नातेवाइकांचे उपाय सुरू झाले. कुणी सांगितलं, कबुतराचं रक्त चोळा. ती म्हणाली, "बाल्कनीतली कबुतरं इतकी वर्षं माझं रक्त पितायत, तेवढी देवाणघेवाण पुरे."

व्यायामाने पाय हळूहळू वळणावर आला. काठी घेऊन, जरा फरपटत, पण ती चालू लागली. हात मात्र ढिम्म. तिला स्वतःची वेणी स्वतः घालायची होती, आणि वेणीला दोन हात लागतात. त्या हाताचं नाव तिने 'जावईबापू' ठेवलं, कारण काम काही करायचं नाही, पण उशीवर बसवायचं, तेल लावायचं, धक्का लागला की घरभर धावपळ. "येताय ना आपण? की पुन्हा आमंत्रण पाठवू?" असं ती त्याला विचारायची.

एकदा मला म्हणाली, "वहिनी, या जावयात काही राम नाही. नुसता लोंबतोय. ओझं झालंय मला." नेमका तेव्हा खरा जावई दारात होता. संत्र्यांची पिशवी चपलांच्या कपाटावर ठेवून तो तसाच मागे फिरला. संध्याकाळी लेकीचा रडत फोन आला, "आई, तो तुझं काय कमी करतो गं?" तेव्हा कुठे आम्हाला उलगडा झाला. जन्मात कुणाची समजूत न काढलेल्या वन्संनी त्याला बोलावून घेतलं आणि उजव्या हाताने डावा उचलून दाखवला. "अहो, हे ते. तुम्ही नव्हे."

तो इतका हसला की डोळ्यांत पाणी आलं. मग म्हणाला, "आई, यांना मी लावतो कामाला." तेव्हापासून खराडीच्या ऑफिसला जाण्याआधी तो वाकडी वाट करून येतो आणि तिची बोटं एकेक करून उघडतो.

"आई, जोर लावा."

"मी लावतेय. ते लावत नाहीयेत."

दिवाळी झाली, उन्हाळा आला. एक दिवस तिने पार्लरवालीला घरी बोलावून केस मानेपर्यंत कापून घेतले. "उकडतं फार," एवढंच म्हणाली. दुसऱ्या दिवशी जावयाला म्हणाली, "आता एवढ्या ट्रॅफिकमधून येऊ नका हो." तो खुर्ची ओढून शेजारी बसला. ती डोळे मिटून पडली होती. त्याने डावा हात हातात घेतल्यावर म्हणाली, "आज गार आहेत तुमचे हात."

तर बाळांनो, पाय आला, हात आला नाही. तो हलत नाही, पण कुणी धरला की तिला कळतं.